हायडेगर मराठीत आणावा का? तत्त्वज्ञानाचे भाषांतर आणि विचारवंतांच्या राजकीय निष्ठा

दांडियाबाजारकर :

बडोद्यातील आमच्या वाचनमंडळात दर रविवारी सकाळी सात-आठ जण एकत्र बसतात. त्यांतले निम्मे मराठी घरांतले आणि निम्मे गुजराती. तत्त्वज्ञानावरील एखादा निबंध निवडायचा, तो परिच्छेद-परिच्छेद वाचायचा आणि एकाच जाड वहीत डाव्या पानावर मराठी व उजव्या पानावर गुजराती भाषांतर लिहीत जायचे, असा आमचा प्रघात आहे. जर्मन वा ग्रीक आमच्यापैकी कोणाला येत नसल्यामुळे सारे काम इंग्रजीवरून चालते.

या वेळी जर्मन तत्त्वज्ञ मार्टिन हायडेगर यांचा एक निबंध घ्यावा असे ठरत असताना मंडळातील एका ज्येष्ठ बाईंनी ठाम विरोध केला. एप्रिल १९३३ मध्ये हायडेगर फ्रायबुर्ग विद्यापीठाचे कुलगुरू झाले, १ मे १९३३ रोजी नाझी पक्षात दाखल झाले, आणि वर्षभरात त्यांनी कुलगुरुपद सोडले तरी पक्षाचे सभासदत्व मात्र १९४५ पर्यंत सोडले नाही. १९२७ चा आपला मुख्य ग्रंथ त्यांनी ज्यांना अर्पण केला होता ते त्यांचे गुरू एडमंड हुसर्ल जन्माने ज्यू होते. १९४१ च्या आवृत्तीत ती अर्पणपत्रिका उरली नाही. ‘अशा माणसाला मराठीत बोलते करण्यासाठी मी माझी सकाळ देणार नाही,’ असे बाई म्हणाल्या आणि त्या दिवशीची बैठक तिथेच थांबली.

माझे मत भाषांतर करावे असे आहे. जो विचार आपल्या भाषेत आलाच नाही त्याची झडती आपण आपल्या भाषेत घेऊ शकत नाही. त्या लेखकाच्या नावाचा दबदबा तेवढा आपल्यापर्यंत पोचतो, युक्तिवाद पोचत नाही, आणि ही स्थिती मला अधिक धोक्याची वाटते. तरीही बाईंचा प्रश्न मनातून जात नाही. विचारवंताची राजकीय निष्ठा त्याच्या वाक्यांत कितपत मुरलेली असते? भाषांतर करणारा तीही नकळत उचलून आणतो का? आणि मुळात भाषांतरकाराची स्वतःची निष्ठा कोणाशी असावी : मूळ लेखकाशी, वाचकाशी, की ज्याच्या पैशावर ग्रंथ छापला जातो त्याच्याशी? ज्या शहरात राजदरबाराने शेकडो पुस्तके भाषांतरित करवून घेतली, तिथे हा प्रश्न विचारायला हवा असे वाटते. सर्वांनी सविस्तर लिहावे, ही विनंती.

रावपुरा :

आधुनिक तर्कशास्त्राचा पाया घालणाऱ्या गोटलोब फ्रेग यांची १९२४ ची रोजनिशी पुढे प्रसिद्ध झाली आणि तिच्यात ज्यूंविषयी अत्यंत द्वेषपूर्ण मजकूर निघाला. म्हणून त्यांचे तर्कशास्त्र कोणी टाकून दिलेले नाही. लेखक आणि लेखन वेगळे ठेवावे, इतकेच माझे म्हणणे आहे.

विश्वामित्री :

रावपुरा, फ्रेग यांचे उदाहरण इथे लागू पडत नाही. ‘सर्व’ आणि ‘काही’ या पदांची मांडणी कशी करावी, या प्रश्नात कोणत्याही समाजाविषयी काही विधान नसते. हायडेगर यांचे तसे नाही. माती, मूळ, इतिहासाने नेमून दिलेले कार्य, एखाद्या लोकसमूहाची नियती या कल्पना त्यांच्या तत्त्वज्ञानाच्या आतल्या आहेत, आणि २७ मे १९३३ रोजी कुलगुरू म्हणून केलेल्या भाषणात त्यांनी त्याच कल्पना राजकारणाच्या सेवेला जुंपल्या.

मला याहून महत्त्वाची वाटते ती गोष्ट भाषांतराशी निगडित आहे. ग्रीकांचे विचार रोमन लोकांनी लॅटिनमध्ये नेले तेव्हा शब्द नेले, पण त्यांमागचा ग्रीक अनुभव नेला नाही, आणि पाश्चात्त्य विचाराचे निराधारपण तिथपासून सुरू झाले, असे त्यांनी १९३५-३६ च्या सुमाराच्या व्याख्यानांत मांडले. ‘श्पीगल’ या जर्मन साप्ताहिकाने १९६६ मध्ये त्यांची मुलाखत घेतली. ती त्यांच्या इच्छेनुसार त्यांच्या मृत्यूनंतर, १९७६ मध्ये, छापली गेली. तिच्यातही ते सांगतात की कवितेइतकाच विचारही भाषांतराला वश होत नाही, जर्मन भाषेचे ग्रीकांशी खास आंतरिक नाते आहे, आणि फ्रेंच लोक विचार करू लागले की जर्मन बोलतात.

म्हणजे खरा विचार एक-दोन निवडक भाषांतच होऊ शकतो, असा हा दावा आहे. तो खरा मानला तर तुमच्या वहीतली दोन्ही पाने व्यर्थ ठरतात. हा दावा आणि १९३३ ची निष्ठा यांचे मूळ एकच आहे असे मला वाटते : काही माणसे मुळाशी जोडलेली आणि बाकीची उपरी. म्हणून ‘तत्त्वज्ञान घेऊ, राजकारण सोडून देऊ’ ही वाटणी या लेखकाच्या बाबतीत शक्य नाही. बाईंचा विरोध मला पूर्णपणे समजतो.

फतेगंज :

विश्वामित्रीताईंचा मुद्दा मोलाचा आहे, पण त्यातून मी उलट निष्कर्ष काढतो. भाषांतर अशक्य आहे असे म्हणणाऱ्याचे भाषांतर करून दाखवणे, हे त्याच्या दाव्याला दिलेले सर्वांत सरळ उत्तर आहे.

इंग्रजीवरून भाषांतर करण्याचा संकोचही बाळगू नये. मुघल राजपुत्र दारा शुकोहने काशीच्या पंडितांच्या साहाय्याने १६५७ मध्ये पन्नास उपनिषदे फारसीत आणली. त्या फारसीवरून आंकेतील द्युपेराँ या फ्रेंच पंडिताने ती लॅटिनमध्ये नेली आणि १८०१-०२ मध्ये छापली. ते लॅटिन पुस्तक आपल्या आयुष्याचा दिलासा ठरले, असे जर्मन तत्त्वज्ञ शोपेनहाउअर स्वतः लिहून गेले आहेत. संस्कृत, फारसी आणि मग लॅटिन, असा दोन टप्प्यांचा प्रवास करूनही विचार पोचला. तो पोचवणाऱ्या दाराला मात्र १६५९ मध्ये देहान्त शिक्षा झाली. त्यामागे सत्तेचा झगडा होता हे उघड आहे, पण त्याच्यावर ठेवलेला आरोप धर्मत्यागाचा होता आणि हिंदूंच्या ग्रंथांविषयीचा त्याचा आदर त्या आरोपात धरला गेला.

घडियाळी पोळ :

मी गुजराती माध्यमात शिकलो. मराठी घरातून आणि बाजारातून मिळालेले. त्यामुळे एक उदाहरण माझ्याकडून यावे हे साहजिक आहे, आणि मूळ प्रश्नावर याहून नेमका प्रकाश टाकणारे दुसरे उदाहरण मला माहीत नाही.

दक्षिण आफ्रिकेत ‘इंडियन ओपिनियन’ चालवीत असताना गांधीजींनी १९०८ मध्ये प्लेटोने लिहिलेल्या सॉक्रेटिसाच्या बचावाच्या भाषणाचा गुजराती सारानुवाद क्रमशः छापला. शीर्षक होते ‘एक सत्यवीरनी कथा’. त्याच वर्षी त्यांनी रस्किनच्या पुस्तकाचा गुजराती सार ‘सर्वोदय’ या नावाने दिला. नोव्हेंबर १९०९ मध्ये बोटीवर ‘हिंद स्वराज’ गुजरातीत लिहून झाले. मार्च १९१० मध्ये मुंबई सरकारने जी गुजराती प्रकाशने जप्तीस पात्र ठरवली त्यांत ‘हिंद स्वराज’बरोबर ‘सर्वोदय’ होते आणि सॉक्रेटिसाची ही कथाही होती.

याचा अर्थ नीट पाहावा. इंग्रजीतून शिकलेल्या माणसाने सॉक्रेटिसाचे तेच भाषण खुशाल वाचावे, त्यावर कोणाचीच हरकत नव्हती. ग्रीक विचार हा आपल्याच संस्कृतीचा पाया म्हणून राज्यकर्ते तो अभिमानाने मिरवीत. तोच सॉक्रेटिस न्यायाधीशांसमोर ‘तुमच्या भीतीने मी सत्य सोडणार नाही’ असे गुजरातीत, दुकानदार आणि फेरीवाला वाचू शकेल अशा भाषेत सांगू लागला, तेव्हा तो राजद्रोही ठरला. मजकुरात नवे काही घातले नव्हते. वाचक तेवढा बदलला होता.

गांधीजींनी बंदीला दिलेले उत्तरही भाषांतराचेच होते. त्यांनी ‘हिंद स्वराज’ स्वतः इंग्रजीत उतरवले आणि १९१० मध्येच प्रसिद्ध केले, जेणेकरून सरकारने नेमके काय जप्त केले आहे हे इंग्रज वाचकालाही पाहता यावे.

म्हणून मी दांडियाबाजारकरांना विचारतो : हायडेगरची निष्ठा काय होती हे तर आपण पाहिलेच, पण त्याला मराठीत आणल्याने आज कोणाचे बळ वाढणार आहे? १९०८ च्या अनुवादकाने हा प्रश्न स्वतःला विचारला होता आणि त्याचे उत्तर त्याच्यापाशी होते.

निझामपुरा :

फार सुंदर प्रतिसाद. पण आपण ब्रिटिश सरकारच्या बंदीबद्दल बोलतो आहोत आणि बडोदे संस्थानाच्या उदारपणाबद्दल अभिमानाने बोलण्याची आपल्याला सवय आहे. राजाश्रयाने झालेल्या भाषांतरांत राजाला अडचणीचे असे काही येऊ शकत होते का?

मांडवी दरवाजा :

निझामपुरा यांच्या प्रश्नाचे उत्तर ‘हो, आणि राजाच्या अपेक्षेपलीकडे’ असे द्यावे लागेल.

सयाजीराव महाराजांनी देशी भाषांत ग्रंथ व्हावेत म्हणून दोन लाख रुपयांचा निधी वेगळा ठेवला. त्यातून सयाजी साहित्यमाला आणि बालज्ञानमाला अशा ग्रंथमाला मराठी व गुजरातीत निघाल्या. त्यांत इतिहास, विज्ञान, धर्मविचार, तत्त्वज्ञान असे सर्व विषय होते. बुद्धाच्या उपदेशांचा पाली संग्रह असलेल्या ‘दीघनिकाया’चे चिं. वै. राजवाडे यांनी केलेले मराठी भाषांतर याच आश्रयाने झाले.

मात्र माझ्या मते बडोद्याचा सर्वांत दूरगामी खर्च दरमहा पन्नास रुपयांचा होता. धर्मानंद कोसंबी सिलोन आणि ब्रह्मदेश पालथे घालून, भिक्षू होऊन परतले होते आणि कलकत्ता विद्यापीठात त्यांना याहून कितीतरी मोठा पगार होता. महाराजांनी त्यांना कळवले की आपण महाराष्ट्रात कुठेही राहा, दरमहा पन्नास रुपये मिळतील, अट एवढीच की वर्षाकाठी एखादे पुस्तक बडोदे संस्थानासाठी लिहावे. कोसंबींनी कलकत्ता सोडले, कारण बुद्धाचा विचार त्यांना मराठी माणसाच्या हाती द्यायचा होता. बडोद्यात त्यांनी दिलेली व्याख्याने ‘बुद्ध, धर्म आणि संघ’ या पुस्तकात आली. पुढे हेच कोसंबी गांधीजींच्या गुजरात विद्यापीठात गेले आणि १९३० च्या मिठाच्या सत्याग्रहात तुरुंगात गेले. राजाचे पन्नास रुपये घेतल्याने त्यांची निष्ठा राजाकडे किंवा साम्राज्याकडे गहाण पडली नाही.

दुसरी गोष्ट कृष्णराव अर्जुन केळुसकर यांच्या बुद्धचरित्राची. डॉ. आंबेडकरांनी स्वतः लिहून ठेवले आहे की शाळकरी वयात परीक्षा उत्तीर्ण झाल्यावर केळुसकरांनी त्यांना ते पुस्तक भेट दिले, आणि ते बडोद्याच्या ग्रंथमालेसाठी लिहिलेले होते. त्या एका मराठी पुस्तकाचे पुढे १९५६ मध्ये नागपुरात काय झाले हे सांगायला नको. दरबारी मालेसाठी लिहिणाऱ्याला किंवा छापण्याचा हुकूम देणाऱ्याला ते ठाऊक असणे शक्य नव्हते.

सुरसागर :

मांडवी दरवाजा यांच्या लेखनाबद्दल आदर ठेवून दुसरी बाजू मांडतो. केळुसकरांच्या पुस्तकाने घडलेला आणि बडोद्याच्याच शिष्यवृत्तीवर १९१३ मध्ये कोलंबिया विद्यापीठात गेलेला तो विद्वान १९१७ मध्ये कराराप्रमाणे नोकरीसाठी याच शहरात परतला. त्याला राहायला खोली मिळाली नाही. एका पारशी धर्मशाळेत नाव लपवून काही दिवस काढले, तिथूनही लाठ्या घेऊन आलेल्या जमावाने हाकलले, आणि कमाटीबागेत बसून त्याला शहर सोडण्याचा निर्णय घ्यावा लागला. समतेचे ग्रंथ छापणारे संस्थान आणि एका अधिकाऱ्याला छप्पर देऊ न शकणारे शहर ही दोन्ही एकाच काळातली. छापलेला विचार आणि चालवलेला व्यवहार यांच्यातले अंतर भाषांतराने आपोआप मिटत नाही.

श्री अरविंदांचे उदाहरणही गुंतागुंतीचे आहे. १८९३ ते १९०६ ते संस्थानाच्या नोकरीत होते. कॉलेजात फ्रेंच आणि इंग्रजी शिकवीत, महाराजांच्या भाषणांचे मसुदे तयार करून देत. त्याच काळात त्यांनी कालिदास आणि महाभारतातील भाग इंग्रजीत आणले. त्याच काळात, निनावी लेखमाला लिहून मुंबईच्या ‘इंदुप्रकाश’मध्ये त्यांनी काँग्रेसच्या अर्जविनंत्यांवर इतकी जहाल टीका केली की न्यायमूर्ती रानड्यांनी पत्राच्या मालकांना सावध केले आणि लेखमालेचा सूर खाली आला. पगार एका निष्ठेचा आणि लेखणी दुसऱ्या निष्ठेची, असे तेरा वर्षे चालले. मी याला ढोंग म्हणणार नाही. पण संस्थानाने विचारवंताला मोकळे ठेवले होते असेही म्हणणार नाही, कारण मोकळे असते तर नाव लपवावे लागले नसते.

जुना पाटणकर :

माझे आजोळ पाटणचे, जे त्या काळी बडोदे संस्थानातच होते. तिथल्या जैन भांडारांमुळे या चर्चेत एक वेगळा अनुभव आणता येईल.

शांतरक्षित हा आठव्या शतकातला बौद्ध आचार्य. त्याचा ‘तत्त्वसंग्रह’ आणि त्यावरील कमलशीलाची टीका हा भारतीय तत्त्वज्ञानातील अवाढव्य वादग्रंथ आहे. न्याय, सांख्य, मीमांसा, वेदान्त, जैन आणि लोकायत अशा सर्वांची मते घेऊन त्यांचे खंडन त्यात केलेले आहे. बौद्ध परंपरा या भूमीतून मावळली आणि ग्रंथाचे संस्कृत रूप टिकले ते जैन भांडारांत, म्हणजे ज्यांच्या मताचे त्यात खंडन आहे त्यांच्याच पेट्यांत. तो १९२६ मध्ये गायकवाड प्राच्य ग्रंथमालेत बडोद्याहून छापला गेला. पुढे पं. गंगानाथ झा यांनी त्याचे इंग्रजी भाषांतर केले आणि तेही १९३७ ते १९३९ या काळात याच मालेत आले.

गंगानाथ झा कोण होते हे लक्षात घ्यावे. मिथिलेचे परंपरानिष्ठ ब्राह्मण आणि मीमांसेचे मोठे अभ्यासक. वेदांच्या प्रामाण्याची बाजू मांडणारे शबरभाष्य त्यांनी याच मालेसाठी नुकतेच भाषांतरित केले होते. त्यानंतर वेदप्रामाण्यावर सर्वांत कठोर प्रहार करणारा बौद्ध ग्रंथ त्यांनी त्याच सचोटीने भाषांतरित केला. मी दोन्ही भाषांतरांतली काही पाने शेजारी ठेवून वाचली आहेत. मीमांसक कुमारिलाचा युक्तिवाद ‘तत्त्वसंग्रहा’त पूर्वपक्ष, म्हणजे आधी मांडून मग खोडायचे मत, म्हणून येतो तिथे झा एखादे विशेषण वाढवून आपल्या पक्षाला सावरू शकले असते. तसे केलेले मला आढळले नाही. कमलशील प्रतिपक्षाचे नाव घेतो, त्याचे म्हणणे शक्य तितक्या बळकट रूपात मांडतो आणि मगच उत्तराकडे वळतो; झा त्याच्या पावलावर पाऊल ठेवून चालतात. श्लोकामागून श्लोक, कित्येक पाने वाचकाला वाटत राहते की मीमांसकच जिंकणार.

आणखी एक. जयराशीचा ‘तत्त्वोपप्लवसिंह’, म्हणजे कोणतेच प्रमाण (ज्ञानाचे साधन) टिकत नाही असे सांगणारा संशयवादी ग्रंथ, पाटणच्या भांडारातच १९२६ मध्ये सापडला आणि १९४० मध्ये बडोद्याहून प्रसिद्ध झाला. त्याच्या दोन संपादकांपैकी पं. सुखलालजी हे जैन दर्शनाचे मोठे पंडित, किशोरवयातच दृष्टी गेलेले. जो ग्रंथ जैन मतासह सर्वांचीच प्रमाणे उखडतो, त्याचा पाठ त्यांनी दुसऱ्याकडून ऐकून, अक्षर अक्षर तपासून सिद्ध केला.

तेव्हा मंडळातील बाईंना माझे नम्र सांगणे असे की, विरोधी मताचा ग्रंथ जपणे आणि त्याचे प्रामाणिक भाषांतर करणे यामुळे कोणी त्या मताचा होत नाही.

रावपुरा :

पण शांतरक्षिताने कोणत्याही राज्याच्या अत्याचाराला तात्त्विक आधार पुरवला नव्हता. पूर्वपक्ष आणि नाझी यांची बरोबरी कशी होईल?

जुना पाटणकर :

बरोबरी मी करत नाही. भाषांतरकाराच्या कर्तव्याबद्दल बोलतो आहे. बाकी शांतरक्षित राजकारणापासून दूर होता असेही नाही. तिबेटचा सम्राट ठिसोङ देचेन याच्या बोलावण्यावरून तो तिकडे गेला, साम्ये विहाराच्या स्थापनेत त्याचा मोठा वाटा होता, आणि बौद्ध ग्रंथांचे तिबेटी भाषांतर हे तिथे राज्याने हाती घेतलेले काम झाले. कोणत्या पंथाची परंपरा राज्याने स्वीकारायची हे ठरवण्यासाठी सम्राटासमोर वाद झाला, असे तिबेटी इतिहास सांगतात, आणि त्यात भारतीय बाजूने कमलशील उभा होता. तत्त्वज्ञानाचे मोठे भाषांतर राजसत्तेवाचून क्वचितच झाले आहे. म्हणून राजाश्रय होता की नव्हता एवढे विचारून भागत नाही. आश्रय देणाऱ्याने वाक्ये बदलायला लावली का, हे पाहावे लागते.

प्रतापगंज :

हे शेवटचे वाक्य विसाव्या शतकाला लावून पाहू या. आमच्या घरी वडिलांच्या कपाटात मॉस्कोहून छापून आलेली मराठी पुस्तके रांगेने होती : पक्की बांधणी, पांढरा कागद आणि किंमत एवढी कमी की गिरणीतल्या कामगारालाही परवडावी. मार्क्स आणि लेनिन मराठी घरांत पोचले यात त्या पुस्तकांचा मोठा हात आहे आणि त्याबद्दल मी कृतज्ञ आहे. पण मार्क्सवादी परंपरेतले जे लेखक मॉस्कोला नकोसे होते ते त्या रांगेत कधीच दिसले नाहीत. तिथे एकही वाक्य बदलावे लागले नव्हते. यादी करतानाच काम झाले होते.

दुसऱ्या बाजूलाही हेच होते. सांस्कृतिक स्वातंत्र्यासाठी म्हणून स्थापन झालेल्या आंतरराष्ट्रीय संघटनेने अनेक देशांत मासिके आणि परिषदा चालवल्या; भारतातही तिची शाखा होती आणि अनेक सच्चे उदारमतवादी तिच्यात होते. त्या संघटनेला अमेरिकेच्या गुप्तहेर खात्याचा पैसा मिळत होता हे १९६६-६७ मध्ये उघड झाले. लिहिणाऱ्यांपैकी बहुतेकांना ते माहीत नव्हते आणि त्यांनी लिहिलेले खोटे ठरत नाही. तरी कोणता विचार भाषांतरित व्हावा आणि कोणता राहून जावा, हे दूर कुठेतरी ठरत होते. पाटणकरांनी सांगितलेल्या कसोटीला म्हणून एक जोड हवी : वाक्ये तपासावीत आणि न निवडलेली पुस्तकेही तपासावीत.

अलकापुरी :

निष्ठा बदलणाऱ्यांबद्दल आपण फार कठोर असतो. तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी वाईच्या प्राज्ञपाठशाळेत पारंपरिक पंडित म्हणून घडले. अस्पृश्यतेच्या प्रश्नावर शास्त्राधार शोधण्यात त्यांनी गांधीजींना साहाय्य केले, नंतर मानवेंद्रनाथ रॉय यांच्याबरोबर गेले, आणि १९६० नंतर राज्याच्या साहित्य संस्कृती मंडळाचे अध्यक्ष व विश्वकोशाचे प्रमुख संपादक झाले. काही जणांना यात विसंगती दिसते. मला मात्र एक धागा सलग दिसतो : संस्कृतातले आणि इंग्रजीतले ज्ञान कोणाच्या मक्तेदारीत राहू नये. पक्ष बदलले तरी वाचक कोण असावा याविषयीची त्यांची धारणा बदलली नाही. विचारवंताची निष्ठा पाहायची तर ती तिथेही पाहावी.

विश्वामित्री :

अलकापुरी, सरकारी मंडळाचे अध्यक्ष झाल्यावर सरकारविरुद्ध बोलण्याची वेळ आली तर काय, हाही प्रश्न त्याला जोडून येतोच. त्याचे उत्तर देणारे एक मराठी उदाहरण माझ्यापाशी आहे. दुर्गाबाई भागवतांनी अमेरिकन लेखक थोरोचे ‘वॉल्डन’ मराठीत आणले. अन्यायी सरकारला कर देणार नाही म्हणून १८४६ मध्ये एक रात्र तुरुंगात काढलेला हा लेखक. डिसेंबर १९७५ मध्ये, आणीबाणी असताना, दुर्गाबाई कऱ्हाडच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्ष होत्या आणि स्वागताध्यक्ष होते यशवंतराव चव्हाण, केंद्र सरकारातले मंत्री. त्यांच्या समोर त्यांनी लेखनस्वातंत्र्याची बाजू मांडली आणि आजारी असलेल्या जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठी सभेला प्रार्थनेला उभे केले. पुढच्या वर्षी त्यांना अटक झाली. थोरोच्या भाषांतरामुळे त्या तशा झाल्या, असे मी म्हणत नाही. त्या मुळात तशा होत्या म्हणून त्यांनी थोरो निवडला. भाषांतरासाठी लेखक निवडणे हीच एक जाहीर निष्ठा असते, आणि म्हणून मी हायडेगरला अजूनही निवडणार नाही.

फतेगंज :

हा युक्तिवाद दुर्गाबाईंना शोभतो, कारण त्यांनी आवडत्या लेखकाचे भाषांतर केले. झा यांनी न पटणाऱ्याचे केले. दोन्ही प्रकारची भाषांतरे लागतात. न पटणाऱ्याचे करणारे नेहमी कमी पडतात.

दांडियाबाजारकर :

सर्वांचे मनापासून आभार. हा धागा मी मंडळात वाचून दाखवला आणि आम्ही दोन तास बोललो. घडियाळी पोळ यांनी विचारलेल्या प्रश्नाला माझे उत्तर आता असे आहे : आज आपल्या सर्वच भाषांत मातीचा, मुळांचा आणि अस्सलपणाचा गौरव करणारे लेखन भरपूर होते आहे. त्या लेखनाला तात्त्विक भाषा कुठून मिळू शकते आणि ती कुठे नेऊ शकते, हे ओळखण्याचे बळ मराठी आणि गुजराती वाचकाला मिळावे, एवढ्यासाठी मला हायडेगर हवा आहे.

म्हणून एकटा निबंध घ्यायचा नाही. मे १९३३ चे कुलगुरुपदाचे भाषण आधी, मग तो निबंध, मग १९६६ ची मुलाखत, असे तीनही मजकूर एकत्र भाषांतरित करायचे, आणि भाषांतर अशक्य असल्याचा त्यांचा दावा जिथे येतो तिथे फारसी-लॅटिन उपनिषदांची हकिगत टीप म्हणून द्यायची. बाईंनी काम करण्यास नकार दिला आहे, परंतु झालेले प्रत्येक पान तपासून देण्याचे मान्य केले आहे. त्यांनी एक अट घातली : हुसर्ल यांच्या निबंधाचे भाषांतर याच्या आधी पूर्ण व्हावे. ती आम्ही मान्य केली.

विश्वामित्री :

हुसर्ल आधी, ही अट फार योग्य आहे आणि तेवढ्यासाठी मी रविवारी येईन. एक आग्रह माझाही. टिपा पुस्तकाच्या शेवटी ढकलू नयेत, ज्या वाक्याशी त्यांचा संबंध आहे त्याच पानाच्या तळाशी द्याव्यात. शेवटच्या पानांवरच्या टिपा फारसे कोणी उघडत नाही, आणि अर्पणपत्रिका काढून टाकल्याची गोष्ट तर वाचकाला पहिल्याच पानावर दिसली पाहिजे. रावपुरा, तुमचा लेखक-लेखन भेदाचा मुद्दा मला अजून पटलेला नाही. प्रस्तावनेत तो तुम्ही मांडा, त्याखाली माझे उत्तर छापावे.

रावपुरा :

मान्य. पण माझ्या मजकुराचे गुजराती घडियाळी पोळ यांनी करावे, आणि ते छापण्यापूर्वी तुम्ही दोघांनीही वाचावे.